उपद्रव

तेहतीस वर्षं मी उपद्रव लिहिला.
गोरेवाड्याची कचेरी, एक पाय आखूड असलेलं टेबल,
रजिस्टरला चार रकाने: प्राणी, ठिकाण, नुकसान, सही.
रोह्यांनी तूर खाल्ली, लिहिलं.
डुकरांनी भुईमूग उकरला, लिहिलं.
काटोल रोडवर वानरानं एका बाईची पिशवी नेली.
पिशवीत काय होतं विचारलं, तर बाई लाजल्या.
'इतर, किरकोळ' लिहिलं.

उईके चौकीदार दाराला टेकून सुपारी कातरायचा.
म्हणाला, "साहेब, पोट भरलं होतं जी त्याचं.
मी पाहून राहिलो होतो.
पिशवी घेतली, टॉवरवर चढलं, उलटी करून झटकली
अन् बाईकडं पाहत बसलं.
गंमत करून राहिलं होतं."
गंमत कुठल्या रकान्यात भरायची
हे मी वरच्या साहेबांना विचारलं नाही.
प्रमोशन जवळ आलं होतं.

आता गिट्टीखदानला घर आहे, पेन्शन आहे
आणि एक कुत्रा.
नाव तहसीलदार, कारण येणाऱ्या प्रत्येकाकडून
तो काहीतरी ठेवून घेतो, पावती देत नाही.
फक्त डावी चप्पल. उजवीला तोंडही लावत नाही.
गॅसवाला, विम्याचा पोरगा,
बुद्धपौर्णिमेला खीर खायला आलेले यशोधरेचे दोन्ही भाऊ,
सगळे एका पायानं चटके सोसत गेले.

एप्रिलात कुलरला नवं गवत भरलं
की खार हजर.
काडी काडी ओढते, मिशा फुटल्यासारखी तोंडात धरते,
मीटरच्या डब्यात नेऊन कोंबते.
वीजवाला आला, डबा उघडला.
आत तीन गुलाबी, डोळे मिटलेले, भुईमुगाच्या शेंगेएवढे.
त्यानं झाकण इतक्या हळू लावलं
की स्क्रूसुद्धा वाजला नाही.
कागदावर लिहिलं, 'घर बंद आढळले.'
मी समोरच उभा होतो,
त्याच्यासाठी पाण्याचा गिलास घेऊन.

मे महिना, पारा सत्तेचाळीसला टेकलेला.
दुपारी जाग आली, पाहतो तर
कुलरपुढे एक वानर बसलेलं,
डोळे मिटून, छातीचे केस उडताहेत,
शेपूट टाकीतल्या पाण्यात सोडलेली.
दोन हातांवर तहसीलदार पसरलेला.
एकानं दुसऱ्याकडं बघितलं नाही.
उन्हानं दोघांत तह करून टाकला होता.
मी काठी शोधू लागलो. दारात यशोधरा, तोंडाशी पदर:
"राहू द्या न जी. जाते ते."
खिडकी कोणी उघडी ठेवली, मी विचारलं नाही.
गेलं. जाताना टीव्हीचा रिमोट नेला.
कडुनिंबावर बसून दाबत राहिलं,
आणि एकदा, शपथेवर सांगतो, घरात टीव्ही लागला.
कापसाचे भाव सांगणारा माणूस
आम्हा तिघांना काहीतरी समजावू लागला.

शेजारी बोबडे.
त्यांनी तहसीलदाराविरुद्ध तीन अर्ज केले.
तिसऱ्यात होतं, 'सदर प्राणी उपद्रवी असून
त्याचा तात्काळ बंदोबस्त व्हावा.'
हे वाक्य मी किती वेळा उतरवलं असेल.
अर्ज वाचून झाला
तरी हात सहीची जागा शोधत होता.

काल पेरूखालची माती उकरली.
बारा डाव्या चपला निघाल्या,
काहींवर बोटांचे ठसे अजून शाबूत.
अकरा तहसीलदाराच्या.
बारावी तपकिरी, अंगठ्याशी शिवलेली.
ती सोमवारी पायरीवर सोडून
बोबडे मुलाचा फोन घ्यायला आत गेले होते,
आणि त्या सोमवारी तहसीलदार
सेमिनरी हिल्सच्या डॉक्टरकडे सलाइन लावून पडला होता.

यशोधरेनं चपलेकडं पाहिलं,
मग माझ्याकडं, जरा जास्तच वेळ,
आणि कुत्र्याला रागावली.